गेमक्यूबवर गेम बॉयच्या कॅसेटी: डबा मिळतो, डिस्क मिळत नाही

माझ्याकडे गेम बॉय ॲडव्हान्स या निन्टेन्डोच्या हातात धरून खेळायच्या यंत्राच्या अकरा कॅसेटी आहेत आणि चष्म्याचा नंबर दर दोन वर्षांनी सरकतोय. २.९ इंची पडदा, त्यालाही आतून उजेड नाही. रात्री खेळायचं तर ट्यूबलाइटखाली मान तिरकी करून बसायचं. शेवटी या कॅसेटी टीव्हीवर चालवायचा उद्योग आरंभला. तो जमायला चार महिने लागले, त्यातले तीन स्वतःच्याच चुका निस्तरण्यात गेले. तुमचे ते तीन महिने वाचावेत म्हणून हे लिहितोय.

(त्याला कार्ट्रिज म्हणा, गेम पॅक म्हणा. आमच्या पिढीने आठ बिटांच्या नकली कन्सोलवर पिवळ्या कॅसेटी खुपसून हात बसवलाय, त्यामुळे या लेखात कॅसेटच.)

नेमकं काय जोडायचं आहे

निन्टेन्डोचा गेमक्यूब हा कन्सोल २००१ साली आला. त्याच्या तळाला तीन झाकणं असतात. त्यातलं एक उघडलं की आत 'हाय-स्पीड पोर्ट' नावाची खाच दिसते. २००३ मध्ये निन्टेन्डोने या खाचेत बसणारा एक चपटा डबा काढला, त्याचं नाव गेम बॉय प्लेअर. गेमक्यूब त्याच्यावर बसतो आणि कॅसेट समोरून आत जाते.

हा इम्युलेटर, म्हणजे सॉफ्टवेअरने केलेली यंत्राची नक्कल, नव्हे. डब्याच्या आत गेम बॉय ॲडव्हान्सचंच खरं हार्डवेअर आहे, फक्त पडदा, बॅटरी आणि बटणं नाहीत. गेम त्या डब्यात चालतो. गेमक्यूब फक्त चित्र आणि आवाज उचलून टीव्हीला देतो आणि तुमच्या कंट्रोलरची बटणं डब्याला कळवतो. जुना करडा गेम बॉय, गेम बॉय कलर आणि ॲडव्हान्स, तिन्हींच्या कॅसेटी यात चालतात. कॅसेट कुठल्याही देशातली असली तरी हरकत नाही.

एक गोम मात्र आहे. डबा स्वतःहून काहीच करत नाही. चित्र उचलून टीव्हीला देणारं सॉफ्टवेअर एका वेगळ्या डिस्कवर असतं, आणि ती डिस्क गेमक्यूबमध्ये घातल्याशिवाय डबा म्हणजे कन्सोलखालचा पाट. जुन्या बाजारात डबे भरपूर दिसतात. डिस्क मात्र हरवलेल्या, ओरखडलेल्या, किंवा डब्यापेक्षा जास्त किमतीला वेगळ्या विकायला काढलेल्या. मी स्वस्तात डबा मिळाला म्हणून हुरळून आधी डबा घेतला. उलट करा. डिस्कचं काय करणार ते आधी ठरवा, मग डब्याच्या मागे लागा.

पहिला निर्णय: डिस्क की एसडी कार्ड

डिस्कचा रस्ता सरळ आहे. फक्त डिस्कला देशाचं कुलूप असतं: अमेरिकन गेमक्यूबला अमेरिकन डिस्क, जपानीला जपानी. डबा आणि कॅसेट कुलूपमुक्त, डिस्क नाही. हे नीट वाचून घ्या, कारण जाहिरातीत हे तिन्ही एकाच फोटोत असतं. काहीही उघडायचं नसेल, काहीही झाळायचं (सोल्डर करायचं) नसेल, तर माझ्या मते जपानी गेमक्यूब आणि त्याच्यासोबतचा खोक्यातला डिस्कसकट जपानी प्लेअर असा जोडच घ्यावा. मेनू जपानीत येतो, पण त्यात आहेत किती गोष्टी? दोन दिवसांत हात बसतो. गेम तुमच्या इंग्रजी कॅसेटवरचाच चालणार.

दुसरा रस्ता 'गेम बॉय इंटरफेस' या फुकट सॉफ्टवेअरचा. एका हौशी प्रोग्रॅमरने लिहिलेलं हे सॉफ्टवेअर मूळ डिस्कची जागा घेतं, आणि खरं सांगायचं तर तिच्यापेक्षा सरस आहे. ते एसडी कार्डवरून चालतं, म्हणजे गेमक्यूबची वीसेक वर्षं जुनी लेन्स थकलेली असली तरी अडत नाही. पण गेमक्यूब आपण होऊन एसडी कार्ड वाचत नाही, त्याला तसं वाचायला लावावं लागतं. ते कसं, हे पुढे.

घरी गेमक्यूबऐवजी निन्टेन्डोचा वी असेल तर इथेच थांबा. वीची सुरुवातीची मॉडेल्स गेमक्यूबच्या डिस्क चालवतात हे खरं, पण तळाची ती खाच वीला नाहीच, त्यामुळे डबा बसणार नाही. वीवर एमजीबीएसारखा इम्युलेटर चालवता येतो, पण तो वेगळा विषय.

गेमक्यूब घेताना मागची बाजू बघा

गेमक्यूबची दोन मॉडेल्स आहेत, डीओएल-००१ आणि डीओएल-१०१. पहिल्याच्या पाठीला चित्राच्या दोन खाचा असतात, ॲनालॉग आणि डिजिटल. नंतरच्यात डिजिटल खाच काढून टाकली, आणि तळाचा 'सीरियल पोर्ट २' सुद्धा. गेम बॉय प्लेअर दोन्हींना बसतो, पण आपल्याला त्या दोन जादा खाचांची गरज पडणार आहे. म्हणून डीओएल-००१ घ्या. विकणाऱ्याकडे मागच्या बाजूचा फोटो मागा, मॉडेल नंबर विचारत बसू नका. दोन खाचा दिसल्या की झालं.

वीज: इथे घाई करू नका

माझा गेमक्यूब न्यू जर्सीच्या मावसभावाने सुट्टीत येताना बॅगेत घालून आणला. सोबत त्याचा अमेरिकन अडॅप्टर. मी काय केलं, परदेशी पिनवाला जो छोटा ठोकळा मिळतो तो लावला आणि सरळ भिंतीत खुपसलं. ठोकळा फक्त पिनेचा आकार बदलतो, व्होल्टेज नाही. अडॅप्टर १२० व्होल्टचा, आपल्या भिंतीत २३०. एक बारीकसा 'टप्' असा आवाज, मग जळक्या प्लास्टिकचा वास, आणि आईचं स्वयंपाकघरातून "काय जाळलंस रे?" नशीब एवढंच की कन्सोल वाचला.

गेमक्यूबला लागतो १२ व्होल्ट डीसी, ३.२५ अँपिअर, म्हणजे जेमतेम ३९ वॉट. यावर दोन उपाय आहेत. युरोपात विकला गेलेला गेमक्यूबचा अडॅप्टर मिळवा. तो २३० व्होल्टवर चालतो, बाहेर तेच १२ व्होल्ट देतो आणि कन्सोलकडची पिनही तीच. हा सगळ्यात नीटनेटका उपाय. नाहीतर स्टेप-डाउन ट्रान्सफॉर्मर घ्या, १०० वॉटचा पुष्कळ झाला. पुण्यात पासोड्या विठोबाजवळ किंवा मुंबईत लॅमिंग्टन रोडला सहज मिळेल. जपानी अडॅप्टर १०० व्होल्टचा असतो, तेव्हा दुकानात "११० वाला द्या" न म्हणता १००चं आउटपुट असलेला मागा. गेमक्यूबकडची पिन खास आकाराची आहे, त्यामुळे कपाटातला कुठलाही १२ व्होल्टचा अडॅप्टर तिथे बसत नाही. एका परीने बरंच आहे.

डबा बसवणे

कन्सोलची वायर काढा. एक मऊ पंचा पसरा आणि त्यावर गेमक्यूब उलटा ठेवा. हाय-स्पीड पोर्टचं झाकण नखाने उचकटा आणि जपून ठेवा. उद्या कन्सोल विकायचा झाला तर गिऱ्हाईक सगळ्यात आधी तेच विचारतं.

एसडी कार्डचा रस्ता धरला असेल तर आता थांबा. सीरियल पोर्ट २ मध्ये बसणारा एक छोटा कार्ड-अडॅप्टर मिळतो, एसडी२एसपी२ या नावाने. तो आत्ताच, कार्डासकट बसवून घ्या. एकदा प्लेअर बसला की ती खाच त्याच्याखाली जाते आणि कार्ड काढायला सगळं परत उघडावं लागतं. मी रिकामं कार्ड बसवून, सगळं आवळून, टीव्ही लावून मग डोक्याला हात लावला होता.

आता प्लेअर खाचेवर नीट जुळवा आणि दोन्ही तळव्यांनी सारखा दाब द्या. एका कोपऱ्यातून दाबलं तर जोडणी तिरपी बसते. खालचे स्क्रू रुपयाच्या नाण्याने फिरतात. घट्ट करा, पण पिळू नका. सगळं सुलट करून हलवून बघा. डबा डुगडुगला तर पुन्हा काढून बसवा, कारण अर्धवट बसलेल्या जोडणीने गेम मध्येच गोठतो आणि आपण उगाच कॅसेटला दोष देत बसतो.

सॉफ्टवेअर चालू करणे

मूळ डिस्क असेल तर फार सांगण्यासारखं नाही. डिस्क घाला, कॅसेट घाला, बटण दाबा. मेमरी कार्डची गरज नाही, गेमचं सेव्ह कॅसेटमध्येच होतं. खेळताना झेड बटण दाबलं की प्लेअरचा मेनू उघडतो. चित्राचा आकार, बाजूची चौकट, चित्र मऊ की धारदार, बटणांची मांडणी, सगळं तिथे. कॅसेट बदलायची असेल तर त्यासाठीही मेनूत पर्याय आहे. तो निवडूनच बदला. चालू गेममध्ये कॅसेट उपसून काढली तर सेव्ह उडू शकतं.

एसडी कार्डाच्या रस्त्यासाठी गेमक्यूबला सुरुवातीलाच आपलं सॉफ्टवेअर उचलायला लावावं लागतं. मी पिकोबूट निवडलं. रास्पबेरी पाय पिको हा स्वस्त छोटा बोर्ड गेमक्यूबच्या आत बसवायचा आणि पाच तारा झाळायच्या. कन्सोल उघडायला ४.५ मिलिमीटरचा 'गेमबिट' पाना लागतो, साधा स्क्रूड्रायव्हर चालत नाही. झाळकाम येत नसेल तर मोबाइल दुरुस्तीवाल्याला द्या. मात्र तारा कुठल्या कुठे जायच्या त्याचं चित्र छापून त्याच्या हातात ठेवा, "तुम्हाला कळेलच" म्हणून मोकळे होऊ नका. माझ्या गल्लीतल्या कारागिराने चहा संपायच्या आत काम केलं आणि पैसे घेताना विचारलं, "यात नेमकं चालतं काय?"

हे झालं की क्रम असा:

१. एसडी कार्ड फॅट३२ मध्ये फॉरमॅट करा.
२. 'स्विस' नावाचं फुकट सॉफ्टवेअर घ्या, त्याची फाइल कार्डाच्या मुळाशी 'आयपीएल.डॉल' अशा नावाने (अर्थात इंग्रजीत) ठेवा. पिकोबूट सुरुवातीला हीच फाइल शोधतं.
३. गेम बॉय इंटरफेसची डॉल फाइल त्याच कार्डावर टाका.
४. कार्ड बसवा, कन्सोल चालू करा. स्विसची यादी दिसेल, त्यातून गेम बॉय इंटरफेस निवडा.

काहीच दिसत नसेल तर बहुतेक वेळा फाइलचं नाव चुकलेलं असतं. संगणक शेपटाचं नाव लपवत असल्यामुळे 'डॉल.डॉल' असं दुहेरी शेपूट लागून जातं. माझा अख्खा रविवार यात गेला.

तारा नको असतील तर ॲक्शन रिप्ले (गेममध्ये चीट कोड घालायची एक डिस्क) आणि मेमरी कार्डच्या खाचेत बसणारा एसडी अडॅप्टर यांच्या जोडीनेही स्विस उघडतं. पण मग पुन्हा डिस्क शोधणं आलं आणि लेन्सवर भिस्त आली.

हे सरस का, एवढंच थोडं खोलात

गेम बॉय ॲडव्हान्सचं चित्र सेकंदाला ५९.७३ वेळा बदलतं. अमेरिकन-जपानी पद्धतीचा टीव्ही मागतो ५९.९४. फरक नगण्य वाटतो, पण हिशेब केला तर दर पावणेपाच सेकंदांनी एक चित्र दोनदा दाखवून ही तूट भरून काढावी लागते. बाजूला सरकणाऱ्या गेममध्ये, म्हणजे मागे डोंगर आणि ढग संथ वाहत असताना, बरोबर तेवढ्या अंतराने एक बारीक ठेच लागल्यासारखी दिसते. एकदा दिसली की मग डोळा तिचीच वाट बघतो. गेम बॉय इंटरफेसच्या 'लो लेटन्सी' आवृत्त्या टीव्हीकडे जाणारा वेगच गेम बॉयच्या वेगाशी जुळवतात, त्यामुळे ठेच जाते आणि बटण दाबणं ते उडी दिसणं यातला उशीरही घटतो. काही टीव्हींना हा आडनिडा वेग पचत नाही, पडदा काळा पडतो. तसं झालं तर साधी आवृत्ती वापरा.

टीव्हीला जोडताना

लाल-पांढरी-पिवळी वायर सगळ्यात सोपी. सुपर निन्टेन्डो आणि निन्टेन्डो ६४ ची तीच वायर गेमक्यूबलाही चालते. आपल्याकडचे जुने ट्यूबवाले टीव्ही पाल पद्धतीचे, त्यातल्या काहींवर अमेरिकन कन्सोलचं चित्र काळंपांढरं येतं किंवा वरखाली पळतं. टीव्हीच्या मेनूत एनटीएससी (ही अमेरिकन-जपानी पद्धत) आहे का बघा. एलईडी टीव्हींना बहुधा अडचण येत नाही, पण पिवळ्या वायरीने चित्र पुसट येतं, जणू चष्मा न पुसता बघतोय.

डीओएल-००१ घ्या म्हणालो ते यासाठीच. त्या डिजिटल खाचेत बसणारे एचडीएमआय अडॅप्टर मिळतात, आतमध्ये 'जीसीव्हिडिओ' हे खुलं सॉफ्टवेअर असलेले. ते कन्सोलमधून थेट अंकी चित्र उचलतात आणि कमी रेषांचं चित्र दुप्पट करून नव्या टीव्हीला पचेल असं देतात. मूळ डिस्क वापरत असाल तर सुरू होताना बी बटण दाबून धरा, ४८०पी (जास्त स्वच्छ चित्र) हवं का असं विचारेल.

चित्र पहिल्यांदा दिसेल तेव्हा रंग भडक वाटतील, हिरवा तर अगदी पोपटी. टीव्ही बिघडलेला नाही. ॲडव्हान्सच्या पहिल्या पडद्याला उजेड नव्हता, म्हणून बनवणाऱ्यांनी रंग मुद्दाम उजळ ठेवले होते. मी टीव्हीवर रंगाची पातळी थोडी खाली आणून सोडून दिलं. आकाराच्या बाबतीत पडदा गच्च भरायचा मोह टाळा. मूळ चित्र २४० बाय १६० ठिपक्यांचं. बरोबर दुप्पट केलं तर प्रत्येक ठिपका चौकोनी राहतो, अडीचपट केलं तर काही जाड, काही बारीक. छोटं पण रेखीव चित्र मला जास्त आवडतं.

कॅसेटींची निगा

लहानपणची फुंकर विसरा. तोंडातली वाफ धातूच्या पट्ट्यांवर बसते आणि त्या काळवंडतात. मेडिकलमधून आयसोप्रोपिल अल्कोहोल आणा, कानातल्या कापसाच्या काडीला लावून पट्ट्यांवर एका दिशेने फिरवा. काडी काळी निघेल. पांढरी निघेपर्यंत काड्या बदलत राहा, मग दहा मिनिटं वाळू द्या. गेम सुरूच होत नाही अशी माझी एक कॅसेट केवळ एवढ्याने उठली.

बनावट कॅसेटी आपल्याकडे उदंड. ॲडव्हान्सच्या अस्सल कॅसेटच्या लेबलवर उजेडात तिरकं धरलं की दाबून उमटवलेला छोटा आकडा दिसतो. बनावटही टीव्हीवर चालते, पण तीस तास खेळून झाल्यावर सेव्ह गायब होतं, आणि ते दुःख सांगायची सोय नाही.

पोकेमॉन गोल्ड, सिल्व्हर अशा गेम बॉय कलरच्या काळातल्या कॅसेटींचं सेव्ह आतल्या सीआर२०२५ बॅटरीवर तग धरून असतं. बॅटरी मेली की सेव्ह गेलं. रुबी, सफायरमध्ये "आतली बॅटरी संपली" असा संदेश आला तर घाबरू नका, तिथे फक्त घड्याळ थांबतं, सेव्ह शाबूत राहतं.

न चालणारे आणि चालवू नयेत असे

ॲडव्हान्ससाठी कार्टूनच्या व्हिडिओ कॅसेटी निघाल्या होत्या, त्या प्लेअरवर चालायला चक्क नकार देतात. टीव्हीवरून कुणी रेकॉर्ड करू नये म्हणून.

'वारिओवेअर: ट्विस्टेड!'मध्ये कॅसेटच्या आत फिरण्याचं मापन करणारा सेन्सर आहे, गेम खेळायला यंत्र हातात गरगरा फिरवायचं. इथे यंत्र म्हणजे अख्खा गेमक्यूब, आत डिस्क फिरत असलेला. करू नका. 'बोकताई'च्या कॅसेटला उन्हाचा सेन्सर आहे, तिच्यासाठी कन्सोल, टीव्ही आणि ट्रान्सफॉर्मर गच्चीवर न्यावा लागेल.

गेम बॉय कॅसेट असताना एल आणि आर बटणांनी चित्र रुंद होतं, ॲडव्हान्सवर व्हायचं तसंच. रुंद करू नका, सगळे जाडे दिसतात.

सुपर निन्टेन्डो असेल तर

करड्या कॅसेटींपुरतं १९९४चं सुपर गेम बॉय पुरेसं आहे. त्याला डिस्क नको, तारा नकोत, सुपर निन्टेन्डोच्या खाचेत घाला आणि वरून गेम बॉयची कॅसेट. काही गेम त्याच्यासाठी खास रंग आणि चौकट देतात, त्या गेम बॉय प्लेअरवर दिसतच नाहीत. १९९४चाच 'डाँकी काँग' त्यासाठी तरी इथे बघावा. खोट एकच: त्याचं घड्याळ सुपर निन्टेन्डोच्या घड्याळावर चालतं, त्यामुळे अमेरिकन-जपानी कन्सोलवर गेम मूळ वेगापेक्षा सुमारे २.४ टक्के जलद पळतो आणि संगीताची पट्टीही किंचित चढते. १९९८ साली फक्त जपानात निघालेल्या सुपर गेम बॉय २ मध्ये हे दुरुस्त केलं. फक्त रंगीत गेम बॉयसाठी असलेल्या पारदर्शक कॅसेटी आणि ॲडव्हान्सच्या कॅसेटी मात्र दोन्हींत चालत नाहीत.

हातात काय धरायचं

गेमक्यूबच्या कंट्रोलरवरची फुलीच्या आकाराची दिशाबटणं अगदीच बारीक, अर्ध्या तासात अंगठा दुखतो. होरी कंपनीने या प्लेअरसाठी सुपर निन्टेन्डोच्या धाटणीचा डिजिटल कंट्रोलर काढला होता. मिळाला तर घ्याच. नाहीतर गेमक्यूब आणि ॲडव्हान्स जोडणारी केबल लावून खरा ॲडव्हान्सच कंट्रोलर म्हणून वापरता येतो. मी तसंच करतो. हातात जुनाच ॲडव्हान्स, त्याचा पडदा काळा, आणि गेम समोर बेचाळीस इंचावर.

प्लेअरला ॲडव्हान्सची लिंक केबल लावायची खाचही आहे. गेल्या दिवाळीत भाची स्वतःचा ॲडव्हान्स घेऊन आली, केबल लावली आणि आम्ही शर्यत खेळलो. तिचा पडदा तिच्या मांडीवर, माझा भिंतीवर. तीन शर्यती हरल्यावर माझ्या लक्षात आलं की ती स्वतःच्या पडद्याकडे कमी आणि माझ्या टीव्हीकडेच जास्त बघत होती.